पाटणादेवीच्या वाटेवरची पाथरी

पाटणादेवीला गर्दी होते ती पावसाळ्यात, केदारकुंडाच्या धबधब्यासाठी. नवरात्रात तर विचारूच नका. आम्ही मुद्दाम जानेवारीत गेलो, पाथरी या रानभाजीची फुलं बघायला. घरच्यांनी ‘तण बघायला चाळीसगाव?’ म्हणून खेचली, ते सोडा.

चाळीसगाव मुंबई-भुसावळ मार्गावरचं जंक्शन, त्यामुळे पोचणं सोपं. तिथून पाटणादेवी अठराएक किलोमीटर. एसटीच्या वेळा आदल्या दिवशीच स्टँडवर विचारून ठेवा, नाहीतर सरळ रिक्षा ठरवा. आमचं ऐकाल तर देवळाच्या बऱ्याच अलीकडे उतरा आणि शेतांच्या कडेनं चाला. पाथरी भेटते ती पाणी दिलेल्या हरभऱ्या-गव्हाच्या बांधाला, पाटाच्या काठाला. जंगलात शोधत बसू नका.

आणि सकाळीच जा. ऊन अंगावर आलं की फुलं उघडतात, दुपार कलायच्या आत मिटतात. जेवून निघालात तर नुसत्या मिटलेल्या कळ्या दिसतील.

झाड ओळखायला सोपं. भाकरी थापल्यासारखी पानं जमिनीला चिकटलेली, कडेला बारीक पांढुरके दात. पान मोडलं की पांढरा चीक येतो, बोटांना लागला तर डाग लवकर जात नाही. फूल जवळून बघा: सूर्यफुलासारखा मधला गोल गड्डा इथे नसतोच, सगळ्या पिवळ्या पट्ट्याच, आणि प्रत्येक पट्टीच्या टोकाला पाच इवले दात. आमच्याकडचं भिंग इथे कामाला आलं. शेजारीच एकदांडी होती, पण तिचा मधला भाग भरलेला आणि कडेच्या फिकट पाकळ्या थोड्याच. एकदा दोन्ही शेजारी ठेवून पाहिल्या की गोंधळ उरत नाही. सोनकीची पिवळी फुलं बघायची असतील तर मात्र भाद्रपद-आश्विनात डोंगरउताराला जायला हवं.

बांधावर एक मावशी विळ्यानं पाथरी काढत होत्या. “कच्चीच खाईसन देखा, भाऊ,” म्हणाल्या. फूल न आलेल्या रोपाची कोवळी पानं दिली. किंचित कडवट, पण छान. फुलावर आलेली जास्त कडू लागते. त्या मूळ उपटत नव्हत्या, वरून कापत होत्या. सोटमूळ जमिनीत राहिलं की पुन्हा फुटते, बहुवर्षायू आहे ना. दुपारी कळण्याच्या (ज्वारी-उडदाच्या) भाकरीबरोबर चिरलेली पाथरी, कांदा, दाण्याचं कूट आणि वरून कच्चं तेल. ठेचा हवाच.

तोडण्याआधी शेतमालकाला विचारा, आणि तणनाशक मारलंय का तेही. बांधावरचं गवत वाळून पिवळं पडलं असेल तर हातही लावू नका. पुढे गौताळा-औट्रमघाट अभयारण्य लागतं, तिथे एक पानही तोडायचं नाही.

फुलं मिटल्यावर देवळाकडे निघालो. हेमाडपंती महादेव मंदिर सावकाश बघा. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव यानं काढलेल्या मठाचा 1207 सालचा शिलालेख याच पाटण गावचा. दम असेल तर कण्हेरगडावर चढा. वाटेत लेणी आहेत. चढ उघडा आहे, पाणी खालूनच भरून घ्या. बिबट्याचं रान आहे, तेव्हा सूर्य मावळायच्या आत खाली या आणि परतीची रिक्षा सकाळीच बोलून ठेवा. संध्याकाळी तिथे वाहन मिळायची मारामार.