अण्णा, कार्डिनल्स आणि कानानं बघायची मॅच

मे २०२२ मध्ये आई-अण्णा पहिल्यांदा आमच्याकडे सेंट लुईसला आले, सहा महिन्यांसाठी. आईचं लगेच जमलं, तिला मागच्या अंगणात मेथी-कोथिंबीर लावायला जागा मिळाली आणि ती रमली. काळजी अण्णांची होती. कोल्हापुरात ज्या माणसाची रोजची संध्याकाळ रंकाळ्यावर चार ओळखीच्या लोकांशी बोलण्यात जाते त्याला इथं पायी जायला ठिकाण नाही, बोलायला माणूस नाही, फोनवर मराठी बातम्या बघून बघून तरी किती बघणार. पहिल्या आठवड्यातली गोष्ट, मी संध्याकाळी भाकरी करत होते आणि नेहमीच्या सवयीनं ओट्यावरचा छोटा रेडिओ लावलेला, त्यावर कार्डिनल्सची, म्हणजे इथल्या बेसबॉल टीमची, मॅच चालू होती, तर अण्णा आतल्या खोलीतून उठून आले, खुर्ची ओढून बसले आणि म्हणाले, "काय गं, ही कॉमेंट्री हाय व्हय? आवाज वाढव की जरा."

त्यांना इंग्रजी कामापुरतं येतं, एसटीच्या वर्कशॉपमध्ये आयुष्य गेलं, आणि बेसबॉल तर त्यांनी कधी डोळ्यांनी पाहिलाही नव्हता. पण आवाज कधी सावकाश चालतोय, कधी एकदम वर चढतोय, मागे लोकांचा गलका, लाकडाच्या बॅटचा तो खण्णकन येणारा आवाज, हे ऐकून त्यांना सगळं ओळखीचं वाटलं. त्यांच्या तरुणपणी आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांची क्रिकेटची मराठी कॉमेंट्री लागायची आणि वर्कशॉपमध्ये एका ट्रान्झिस्टरभोवती पंधरा माणसं पाने-हातोडे हातात धरून उभी असायची, हे मी लहानपणापासून ऐकत आलेय. त्या दिवशी पहिल्यांदा त्यांच्या चेहऱ्यावर बघितलं.

मला स्वतःला इथं येऊन तेव्हा चार वर्षं झाली होती आणि माझं ठाम मत झालं होतं, अजूनही आहे, की बेसबॉल हा आधी कानाचा खेळ आहे आणि मग डोळ्यांचा. कारण सांगते. बॉल टाकला की पुढचा बॉल टाकेपर्यंत मध्ये बोलायला जागा असते, फुटबॉल-बास्केटबॉलसारखी पळापळ नाही, आणि प्रत्येक बॉलनंतर काउंट सांगतात, आधी बॉल (म्हणजे ठरलेल्या चौकटीबाहेरून गेलेला) मग स्ट्राइक (चौकटीतून गेलेला किंवा बॅटरचा हुकलेला), म्हणजे "टू अँड वन" म्हटलं की दोन बॉल एक स्ट्राइक. चार बॉल झाले की बॅटर फुकट पहिल्या बेसवर (बेस म्हणजे रन पुरा करायला एकामागून एक गाठायचे टप्पे), तीन स्ट्राइक झाले की आउट. एवढं कळलं आणि बेसवर कोण उभं आहे ते लक्षात ठेवलं की मैदान डोळ्यासमोर आपोआप उभं राहतं, आपल्याकडे "शेवटच्या ओव्हरला नऊ पाहिजेत" म्हटलं की राहतं ना, तसंच. आणि मॅच किती, तर एका टीमच्या वर्षाला १६२! मार्चच्या शेवटापासून सप्टेंबरच्या शेवटापर्यंत जवळपास रोज. रोज तीन तास टीव्हीसमोर कोण बसेल, पण भाजी चिरताना, कपड्यांच्या घड्या करताना, गाडी चालवताना रेडिओ रोज चालतो आणि तो आवाज घरातलाच होऊन जातो.

अण्णांना शिकवताना मी फिल्डरांचे नंबर सांगितले. प्रत्येक जागेला नंबर ठरलेला, पिचर (बॉल टाकणारा) १, कॅचर (आपला कीपर) २, पहिला बेस ३, दुसरा ४, तिसरा ५, शॉर्टस्टॉप (दुसऱ्या-तिसऱ्या बेसच्या मधला) ६, मग लांबचे तिघं डावीकडून ७, ८, ९. त्यामुळे कॉमेंटेटर "सिक्स-फोर-थ्री" म्हणाला की समजायचं शॉर्टस्टॉपनं बॉल अडवला, दुसऱ्या बेसवर फेकला, तिथून पहिल्या बेसवर, आणि एका फटक्यात दोघं आउट. इंग्रजी वाक्यं निसटली तरी आकडे निसटत नाहीत! अण्णांनी आईची हिशोबाची दोनशे पानी वही घेतली, पट्टीनं आडव्या-उभ्या रेघा मारल्या, डावीकडे बॅटरांची नावं त्यांना ऐकू येतील तशी मराठीत, वर १ ते ९ इनिंग, म्हणजे नऊ पाळ्या, आणि प्रत्येक चौकटीत ६-४-३ किंवा स्ट्राइक आउटचा इंग्रजी के (K). इथले लोकही असाच स्कोअर लिहितात, आणि बॅटर बॅट न फिरवता नुसता बघत राहून आउट झाला तर तो के उलटा काढतात, अण्णांना हे फार आवडलं, उलटा के काढताना दरवेळी म्हणायचे, "बघत बसलं बघ बेनं."

आता कुणी विचारेल, टीव्हीवर का नाही बघत. बघितलं असतं, पण इथं ब्लॅकआउट नावाचा प्रकार आहे. मी सुरुवातीला मोठ्या हौसेनं एक व्हिडिओ पॅकेज घेतलं, सगळ्या टीमच्या मॅच दिसणार म्हणून, आणि लावून बघते तर माझ्याच गावच्या टीमची मॅच बंद! नियम असा की तुम्ही ज्या टीमच्या इलाख्यात राहता तिचे हक्क लोकल चॅनेलकडे, त्यामुळे त्या पॅकेजवर ती दिसणार नाही. बाजूच्या आयोवा राज्यात मेजर लीगची, म्हणजे सगळ्यात वरच्या लीगची, एकही टीम नाही आणि तरी अनेक वर्षं तिथं सहा टीमच्या मॅच अशा बंद असायच्या, कारण शिकागोच्या दोन, सेंट लुईस, कॅन्सस सिटी, मिनेसोटा आणि मिलवॉकी सगळ्यांनी आयोवा आपल्या इलाख्यात धरलेला. जो माणूस टीमच्या सगळ्यात जवळ त्यालाच मॅच दिसत नाही, ही गोष्ट मला तेव्हाही पटली नाही आणि आजही पटत नाही. ऑडिओला मात्र हा ब्लॅकआउट लागत नाही. कुठंही बसा, कुठलीही मॅच ऐका.

तर ऐकायचं कसं. इथल्या गावात राहत असाल तर साधा एएम रेडिओ, याला तोड नाही. कार्डिनल्सचं घर म्हणजे केएमओएक्स, ११२० एएम, ५०,००० वॅटचं स्टेशन. दिवसा ते आसपासच्या भागात ऐकू येतं, पण सूर्य मावळला की वातावरणाच्या वरच्या भागातला जो थर दिवसा या लहरी गिळतो तो विरतो आणि लहरी आणखी वरून आपटून शेकडो मैल लांब जाऊन पडतात. हे मी पुस्तकात वाचलं होतं, पण अनुभवलं त्याच उन्हाळ्यात, आम्ही ओक्लाहोमातल्या टल्साला मावसबहिणीकडे निघालो होतो. जवळपास ४०० मैल, आय-४४ हायवेनं. मी मॅच फोनवर ॲपमध्ये लावली होती, रोला गाव मागे पडलं, ओझार्कचे डोंगर लागले आणि नेटवर्क गेलं, आवाज तुटायला लागला, मग बंदच. नवऱ्यानं गाडीचा एएम लावला आणि लगेच तोच आवाज, थोडी खरखर होती पण शब्द न् शब्द स्पष्ट. स्प्रिंगफील्ड गेलं, राज्याची हद्द गेली, आवाज मध्येच लांब जायचा आणि पुन्हा जवळ यायचा, हेलकावे घेत, आणि मागच्या सीटवर अण्णा मांडीवर वही घेऊन मोबाईलच्या उजेडात चौकटी भरतायत. म्हणाले, "सांगली स्टेशन असंच यायचं गं रात्रीचं, मामाच्या गावाला."

त्या रात्री मला कळलं की मिझुरीच्या बाहेर, अर्कान्सात, ओक्लाहोमात इतके कार्डिनल्सवाले का आहेत. १९५५ ला कॅन्सस सिटीला टीम येईपर्यंत सेंट लुईस हे मेजर लीगचं सगळ्यात पश्चिमेचं आणि सगळ्यात दक्षिणेचंही गाव होतं, त्याच्या पलीकडच्या अख्ख्या मुलखाला टीम म्हणजे रात्री रेडिओवर जी लागते ती. शेतातल्या घरात बसून तीन-तीन पिढ्या त्याच टीमच्या झाल्या. जॅक बक यांनी १९५४ पासून, मधला थोडा काळ सोडून, २००१ पर्यंत कॉमेंट्री केली आणि स्टेडियमबाहेर खेळाडूंच्या पुतळ्यांबरोबर त्यांचाही पुतळा आहे. माइक शॅनन तर इथलेच, आधी टीमकडून खेळले आणि मग १९७२ ते २०२१, पन्नास सीझन माइकवर.

दुसरा रस्ता म्हणजे एमएलबीचं, म्हणजे मेजर लीग बेसबॉलचं ॲप. नुसत्या ऑडिओचं सबस्क्रिप्शन साधारण ३० डॉलरला सीझनभर मिळतं, त्यात तीसच्या तीस टीमच्या मॅच, आणि प्रत्येक मॅचला दोन फीड, होम आणि अवे, म्हणजे तुमच्या टीमचा कॉमेंटेटर निवडायचा की समोरच्या टीमचा, तुमच्या मनावर. मी कधीकधी मुद्दाम समोरच्यांची लावते, आपला पिचर समोरच्याला किती जड जातोय ते त्यांच्या तोंडून ऐकायला मजा येते. व्हिडिओवालं पॅकेज असेल तर चित्र टीव्हीचं आणि आवाज रेडिओचा असंही ठेवता येतं. ज्यांच्या गाडीत सॅटेलाइट रेडिओ आहे त्यांना सिरियसएक्सएमवर मॅच मिळतात. आणि खालच्या लीगच्या, म्हणजे मायनर लीगच्या बऱ्याच टीम ऑडिओ फुकट देतात, नवीन शिकणाऱ्यानं तिथूनच सुरुवात करावी असं मी सांगेन, तिथले कॉमेंटेटर तरुण असतात आणि जीव तोडून बोलतात.

दोन गोष्टी मात्र आधीच सांगून ठेवते. एक, रेडिओ स्टेशनच्या वेबसाइटवर फुकट स्ट्रीम असतं म्हणून भारतातून ते लावायला जाल तर मॅचच्या वेळेला बऱ्याचदा तिथं भलताच कार्यक्रम चालू असतो, मॅचचे इंटरनेटचे हक्क वेगळे असतात म्हणून. आम्ही असाच एक रविवार वाया घालवला. दोन, ॲपवरचा आवाज खऱ्या मॅचच्या मागे असतो, अर्धं मिनिट, कधी मिनिटभर. स्टेडियममध्ये बसून ऐकायचं असेल तर ॲप नको, तिथं खिशातला एएम रेडिओच पाहिजे. डॉजर्स ही टीम १९५८ ला लॉस एंजेलिसला आली तेव्हा तिथल्या अवाढव्य कॉलिसियम स्टेडियममध्ये लोक ट्रान्झिस्टर घेऊन यायचे, समोर मॅच चालू असताना व्हिन स्कली काय सांगतात ते ऐकायला! स्कलींनी १९५० ते २०१६, सलग ६७ सीझन एकाच टीमची कॉमेंट्री केली. आणि आता काही कंपन्या इलेक्ट्रिक गाड्यांमधून एएम रेडिओच काढून टाकतायत, मोटरमुळे खरखर येते म्हणून, अमेरिकन संसदेत त्याविरुद्ध २०२३ मध्ये विधेयकही आलं. मला मनापासून वाटतं तो राहावा, ओझार्कच्या त्या रस्त्यावर दुसरं काहीच चाललं नव्हतं.

हा सगळा प्रकार १०० वर्षांपेक्षा जुना आहे. ५ ऑगस्ट १९२१ ला पिट्सबर्गच्या केडीकेए स्टेशनवर हॅरॉल्ड आर्लिन यांनी पायरेट्स आणि फिलीजची मॅच सांगितली, रेडिओवरची पहिली. पुढे तिकिटं कोण घेणार या भीतीनं न्यूयॉर्कच्या तिन्ही टीमनी काही वर्षं रेडिओच बंद ठेवला होता, १९३९ ला ती बंदी उठली. त्याच काळात बाहेरगावच्या मॅच स्टुडिओत बसून, तारेनं आलेल्या चिठ्ठ्या वाचून सांगायचे, मैदान बघायचंच नाही. रोनाल्ड रेगन, पुढे जे राष्ट्राध्यक्ष झाले ते, आयोवातल्या एका स्टेशनवर हेच काम करायचे आणि एकदा ऐन मॅचमध्ये तार तुटली तर त्यांनी बॅटरला फाउलवर फाउल (रेषेबाहेर गेलेले फटके) मारायला लावले, कित्येक मिनिटं, कारण फाउलची नोंद स्कोअरमध्ये राहत नाही. ही गोष्ट ते स्वतःच सांगायचे. अण्णांना सांगितली तर म्हणाले, "हुशार होतं की पोरगं."

अण्णांचं नशीब असं की २०२२ हे कार्डिनल्सचा बॅटर अल्बर्ट पुहोल्सचं शेवटचं वर्ष होतं. २००१ ते २०११ हा माणूस इथं खेळला, मग बाहेर गेला आणि शेवटच्या वर्षी घरी परत आला, सातशे होमरन (होमरन म्हणजे आपला सिक्सरच समजा) गाठतो का यावर अख्खं गाव श्वास रोखून. २३ सप्टेंबर, शुक्रवार, मॅच लॉस एंजेलिसला, आमच्याकडे सुरू व्हायलाच रात्रीचे नऊ वाजून गेले होते. टीव्हीवर ती आमच्याकडे नव्हतीच. आई झोपली, आम्ही तिघं स्वयंपाकघरात, ओट्यावरचा दिवा तेवढा चालू. तिसऱ्या इनिंगमध्ये ६९९ वा. अण्णांनी वहीत लिहिलं आणि पेन्सिल खाली ठेवलीच नाही. चौथ्या इनिंगमध्ये तो पुन्हा आला, बेसवर दोघं उभे, दहा वाजून गेलेले, आणि तो आवाज आला, नुसता बॅटचा, शब्द यायच्या आधी, आणि अण्णा खुर्चीवरून उठले होते. कॉमेंटेटरनं सांगायच्या आधी उठले होते! मागून लोकांचा गजर, आणि तो समोरच्या टीमच्या मैदानावर, समोरच्यांचे प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवतायत. मेजर लीगमध्ये सातशे करणारा चौथाच माणूस, बॉन्ड्स, ॲरन आणि रूथनंतर. अण्णांनी चौकटीत ७०० लिहिलं आणि त्याभोवती गोल काढला, हात थोडा थरथरत होता, ते पान मी फोटो काढून ठेवलंय.

ऑक्टोबरच्या शेवटी ते दोघं परत गेले. जाताना मी त्यांच्या फोनवर ॲप घालून दिलं, सबस्क्रिप्शन माझंच. इथं संध्याकाळी पावणेसातला मॅच सुरू झाली की उन्हाळ्यात कोल्हापुरात दुसऱ्या दिवशीचे पहाटेचे सव्वापाच वाजलेले असतात. अण्णा तसेही त्या वेळेला उठतातच. चहा होईपर्यंत दोन इनिंग, मग फोन सदऱ्याच्या खिशात टाकून, एका कानात वायर घालून रंकाळ्याला फेरी, घरी येईपर्यंत पाचवी-सहावी इनिंग. २०२३ पासून पिचरला घड्याळ लावल्यामुळे, म्हणजे ठरावीक सेकंदांत बॉल टाकावाच लागत असल्यामुळे, मॅच पूर्वीपेक्षा साधारण वीस-पंचवीस मिनिटं लवकर आटपते, अंघोळीच्या आधी निकाल कळतो म्हणून ते खूष आहेत, मला मात्र दोन बॉलच्या मधल्या त्या निवांत गप्पा कमी झाल्यासारख्या वाटतात. रंकाळ्यावरच्या त्यांच्या मित्रांनी विचारलं रोज काय ऐकता, तर सांगितलं, "लेकीच्या गावची मॅच."

काल मी ऑफिसातून घरी येताना गाडीत एएमवर होते आणि ते कोल्हापुरात ॲपवर, मी हरखून व्हॉट्सॲपवर लिहिलं "अण्णा होमरन!!" तर त्यांचा लगेच फोन आला, चिडले होते. "अगं माझ्याकडं अजून बॉल टाकला नाही त्यानं. थांबत जा की मिनिटभर."