शिळा पाव आणि शेजारच्या आंटी

लादीतले चार पाव उरले की दुसऱ्या दिवशी त्यांचा दगड होतो. आईचा त्यावर एकच उपाय, कांदा-मिरची-कढीपत्त्याची फोडणी, पाव कुस्करून त्यात, वर साखरेची चिमूट, झाला फोडणीचा पाव. पण आम्ही कल्याणला राहायचो तेव्हा शेजारच्या सिंधी आंटी त्याच शिळ्या पावाचा सेयल पाव करायच्या आणि खरं सांगू का, मला तोच जास्त आवडायचा (आईला अजून सांगितलेलं नाही).

सेयल ही म्हणे शिजवायची पद्धत. लसूण, कोथिंबीर, मिरची वाटून तेलात परतायची, टोमॅटो तेल सुटेपर्यंत, मग पाण्याचा हबका आणि पावाचे तुकडे टाकून झाकण. पाव सगळा रस पितो पण लगदा होता कामा नये, आंटी तेवढ्यासाठी गॅसपाशी उभ्या राहायच्या, फोन वाजला तरी हलायच्या नाहीत. पोळ्या उरल्या तर त्यांचंही हेच.

त्यांच्या सासूबाई फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या. पंजाब आणि बंगाल निदान अर्धा-अर्धा तरी वाटला गेला, सिंध अख्खा तिकडे गेला, म्हणजे यांना इकडे स्वतःचं राज्यच नाही. कल्याणजवळ दुसऱ्या महायुद्धाच्या काळातला लष्करी कॅम्प रिकामा पडलेला, तिथल्या बराकींत लाखभर माणसं कोंबली आणि १९४९ मध्ये त्याचं उल्हासनगर झालं. अजूनही पत्ता सांगताना लोक कॅम्प नंबरच सांगतात. डाळ, पकवान, पापड, कढी सगळं सोबत आलं, फक्त सिंधू नदीतला पल्ला मासा मागे राहिला आणि सासूबाईंना इथल्या कुठल्याच माशाचं कौतुक नव्हतं.

आता पाव तरी कुठे आपला? १५१० मध्ये पोर्तुगीज गोव्यात घुसले, ब्रेडशिवाय त्यांचं चालेना, यीस्ट मिळेना म्हणून माडाची सूर, म्हणजे माडी, घालून पीठ फुगवायला लागले, पुढे गोव्याचे बेकरीवाले मुंबईत आले. म्हणजे आंटींच्या त्या एका कढईत कुणाचं साम्राज्य आणि कुणाची फाळणी, दोन्ही उकळत होतं आणि आम्ही पोरं खालची खरपूड कोणाला यावरून भांडत होतो.

मागच्या आठवड्यात आईकडे फोडणीचा पाव खाल्ला. चक्क लसूण आणि वर मूठभर कोथिंबीर. विचारलं तर म्हणते, आधीपासूनच घालते मी.