तुम्ही विचारलंत म्हणून: लोरेटा लिन माझी कोण लागते

घरी पहिल्यांदा आलेल्या माणसाचं लक्ष बैठकीतल्या दोन फोटोंकडे जातं. एक बाबांचा, निवृत्तीच्या दिवशीचा, गळ्यात झेंडूचा हार. त्याच्या शेजारी पायघोळ झग्यातली, गिटार घेतलेली एक अमेरिकन बाई. मग प्रश्न ठरलेला: "या कोण? आणि तुम्ही चंद्रपूरच्या, तुमचं यांच्याशी काय नातं?" दर वेळी मी "आवडती गायिका" एवढं बोलून चहा ठेवायला उठते. आज नीट सांगते.

बाबा कोळशाच्या खाणीत लोडर होते. रातपाळी करून सकाळी घरी यायचे, अंग घासून आंघोळ करायचे, तरी पापण्यांच्या कडांना कोळसा राहायचाच, काजळ घातल्यासारखा. आमच्या लायनीतल्या सगळ्या काकांचे डोळे तसेच. मोठ्या माणसांचे डोळे असेच असतात, असं मला कितीतरी वर्षं वाटत होतं. पुढे नागपूरला कॉलेजात गेले आणि कोणी वडिलांचं विचारलं की "नोकरी करतात" म्हणायला शिकले. कोणती, ते सांगत नव्हते.

होस्टेलमधली माझी रूममेट शिलाँगची. तिच्याकडे कॅसेटींचा डबा होता. एका रात्री तिने एक गाणं लावलं आणि मला अर्थ सांगू लागली: ही बाई म्हणतेय, मी कोळसा खाणकामगाराची मुलगी, आणि मला त्याचा अभिमान आहे. मी उठून बसले. ते गाणं होतं 'कोल मायनर्स डॉटर' आणि गाणारी लोरेटा लिन.

हे 'कंट्री' गाणं. कंट्री म्हणजे अमेरिकेतल्या खेड्यापाड्यांचं, फिडल-गिटारवरचं गाणं. टेनेसी राज्यातलं नॅशव्हिल शहर ही त्याची पंढरी, आणि तिथला 'ग्रँड ओल ऑप्री' हा १९२५ पासून चालत आलेला रेडिओ कार्यक्रम म्हणजे तिथला गाभारा. लोरेटा या सगळ्यापासून लांब, केंटकी राज्यातल्या डोंगरांमधल्या बुचर हॉलर नावाच्या वस्तीत १४ एप्रिल १९३२ ला जन्मली. आठ भावंडांत दुसरी. वडील टेड वेब व्हॅन लिअरच्या खाणीत जायचे.

गाण्यात हे सगळं आहे, आणि कसं आहे ते बघा. बाप रात्रभर खाणीत आणि दिवसा मक्याच्या शेतात. कपडे घासून घासून आईच्या बोटांतून रक्त येतं. उन्हाळ्यात पोरं अनवाणी, पण थंडीत प्रत्येकाला नवा जोड, टपालाने मागवलेला, डुक्कर विकून आलेल्या पैशांतून. गरिबीवर हजार गाणी असतील. पण बुटांचे पैसे कुठून आले ते सांगणारी बाई मी तोवर ऐकली नव्हती. मूळ गाणं याहून बरंच लांब होतं. निर्माता ओवेन ब्रॅडलीने काही कडवी काढायला लावली. ती कडवी काय असतील, हा विचार माझ्या मनात अजून येतो.

तिचं लग्न जानेवारी १९४८ मध्ये ऑलिव्हर लिनशी झालं. त्याला सगळे 'डूलिटल' म्हणत. लग्नात ती तेरा वर्षांची होती असं ती आयुष्यभर सांगत आली. २०१२ मध्ये जुनी कागदपत्रं समोर आली, त्यावरून वय पंधरा निघालं. तेव्हा "खोटं बोलली" म्हणणारे पुष्कळ निघाले. पंधरा म्हणजे आपल्याकडे दहावीतली मुलगी. तेवढ्या वयात ती माहेर सोडून देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, वॉशिंग्टन राज्यातल्या कस्टर गावी गेली आणि विशीला टेकेपर्यंत चार मुलांची आई झाली. दोन वर्षं इकडे-तिकडे झाल्याने यातलं काय हलकं होतं?

१९५३ मध्ये नवऱ्याने तिला सतरा डॉलरची गिटार आणून दिली. ती तिची तीच शिकली, घरकाम आणि पोरं सांभाळून. १९६० मध्ये पहिली तबकडी निघाली, 'हॉन्की टॉन्क गर्ल'. कंपनी नवी, जाहिरातीला पैसा नाही. मग नवराबायको गाडीत बसून निघाले. वाटेत रेडिओ केंद्र दिसलं की थांबायचं, तबकडी द्यायची, लावा म्हणून विनवायचं. झोप गाडीतच. गाणं कंट्रीच्या यादीत चौदाव्या क्रमांकापर्यंत चढलं आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ती ऑप्रीच्या मंचावर उभी राहिली. बापाने हे काहीच पाहिलं नाही. टेड वेब १९५९ मध्येच गेले. छातीत खाणीची धूळ भरलेली होती.

नॅशव्हिलमध्ये तिला बहिणीसारखी मैत्रीण मिळाली ती गायिका पॅट्सी क्लाइन. आवाजाची राणी आणि मनाने तशीच मोठी. पॅट्सी मार्च १९६३ मध्ये विमान अपघातात गेली. पुढच्या वर्षी लोरेटाला जुळ्या मुली झाल्या, त्यातल्या एकीचं नाव पॅट्सी.

आता मला तिच्यात सगळ्यात मोठं काय वाटतं, ते. एकदा कार्यक्रमाआधी एक तरुण बाई रडत तिच्याकडे आली: नवरा आलाय, पण पुढच्या रांगेत दुसरीला घेऊन बसलाय. लोरेटाने पडद्याआडून त्या दुसरीकडे पाहिलं आणि म्हणाली, हिच्यात तुझा नवरा न्यायची धमक नाही. तेच तिचं १९६६ चं गाजलेलं गाणं झालं. मोरीवर, नळावर बायका एकमेकींशी जे बोलतात, ते तिने जसंच्या तसं उचललं आणि सुरात बसवलं. जात्यावर बसलेल्या आपल्या आज्या-पणज्यांनी हेच केलं होतं. फरक एवढाच की त्यांच्या ओव्या पहाटेच्या अंधारात राहिल्या आणि हिच्या ओळी देशभर रेडिओवर वाजल्या. दारू पिऊन माझ्याजवळ येऊ नकोस, असं नवऱ्याला बजावणारं गाणं तिचं पहिलं अव्वल क्रमांकाचं.

१९७५ मध्ये 'द पिल' आलं, गर्भनिरोधक गोळीवरचं. हे दुसऱ्यांनी लिहिलेलं, पण गायची छाती हिची. त्यातली बाई स्वतःला खुडूक कोंबडी म्हणते आणि नवऱ्याला सांगते, आता मला अंड्यांवर बसवणं बंद. अनेक रेडिओ केंद्रांनी ते वाजवायला नकार दिला, तरी गाणं पाचव्या क्रमांकापर्यंत गेलं. विशीच्या आत चार मुलं झालेल्या बाईला या विषयावर बोलायचा हक्क कोणी द्यावा लागत नाही.

त्याआधी १९७२ मध्ये कंट्री म्युझिक असोसिएशनचा 'एन्टरटेनर ऑफ द इयर' पुरस्कार तिला मिळाला. हा मान मिळवणारी ती पहिली बाई. मला मात्र त्याहून मोठी वाटते ती दुसरी गोष्ट. ३० डिसेंबर १९७० ला केंटकीतच, हायडनजवळच्या खाणीत स्फोट होऊन ३८ कामगार मेले. तिचं खाणीचं गाणं त्याच दिवसांत देशभर गाजत होतं. ती नुसती गात बसली नाही. त्या घरांतल्या पोरांसाठी तिने लुइव्हिलला मोठा कार्यक्रम केला, नॅशव्हिलचे कलाकार गोळा करून. आमच्याकडे अवेळी भोंगा वाजला की सगळ्या बायका हातातलं टाकून दारात यायच्या. ते मी पाहिलंय. म्हणून सांगते, हे तिने प्रसिद्धीसाठी केलं असं कोणी म्हटलं तर मी ऐकून घेणार नाही.

तिची एक गोष्ट मला पटत नाही, तीही सांगते. नवरा पिणारा, बाहेरख्याली, हात उचलणारा. तिने हे लपवलं नाही. त्याने मारलं की आपण दुप्पट मारायचो, असं ती सांगायची. पण १९९६ मध्ये तो जाईपर्यंत ती त्याच्याजवळच राहिली. तोच नसता तर मी गायिका झालेच नसते, असं तिचं म्हणणं. असतीलही तिची कारणं. मला मात्र तिच्या गोष्टीतला तो भाग बसून ऐकवत नाही. असे संसार मी आमच्या लायनीत भिंतीपलीकडून ऐकलेत.

४ ऑक्टोबर २०२२ ला, नव्वदाव्या वर्षी, टेनेसीतल्या हरिकेन मिल्सच्या राहत्या घरी झोपेतच ती गेली. बातमी कळली तेव्हा मी बाबांकडे होते. त्यांना मोबाईलवर ते गाणं लावून दिलं आणि ओळीओळीचा अर्थ सांगत गेले. डुकराच्या आणि बुटांच्या कडव्याला त्यांनी मान डोलावली. "आपल्याकडं बोनस झाला का चपला यायच्या," म्हणाले. हे मी विसरले होते. दिवाळीत आम्हा तिघा भावंडांचे पाय कागदावर ठेवून ते पेन्सिलने माप काढायचे आणि तो कागद खिशात घालून बाजारात जायचे.

गाणं संपल्यावर त्यांनी विचारलं, "तिच्या बापानं आयकलं का हे?"

"नाही बाबा. तो आधीच गेला होता. खाणीच्या धुळीनं छाती धरली होती त्याची."

बाबा खोकले, पाणी प्यायले. मग मोबाईल माझ्याकडे सरकवून म्हणाले, "मंग लाव आणखी एकदा."