मुका महिना: ओलवणचं पंचांग मांडताना

गेल्या पावसाळ्यापासून मी एक कादंबरी लिहिते आहे. तिच्यातला देश कुठल्याच नकाशात नाही. नाव ओलवण, मधोमध धवळी नदी, काठाकाठाने गावं. पहिल्या वहीत तिथलं वर्ष मी ३६० दिवसांचं धरलं होतं. बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, तिसाव्या दिवशी अमावस्या. हिशोबाला सोपं, सण दरसाल ठरल्या जागी.

अमळनेरला घरी ओट्यावर बसून ते मायला वाचून दाखवलं. ती शेंगा निवडत होती. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तुन्हा देसमा धोंडाना महिनाच नही? मंग जवाईसले कव्हय बलावतस?"

मी वही मिटली. चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांत उरकतात, सूर्याला ३६५ लागतात. हे अकरा दिवस साचत जातात आणि साधारण साडेबत्तीस महिन्यांनी एक अधिक मास घालावा लागतो. तो घालतात म्हणून आखाजी, म्हणजे आमची अक्षय्य तृतीया, उन्हाळा सोडून जात नाही, लेकी माहेरी येतात तेव्हा निंबाला झोके बांधलेले असतात. हिजरी सनात असा महिना घालत नाहीत, म्हणून रमजान सगळ्या ऋतूंतून फिरतो. माझ्या ओलवणमध्ये काही साचतच नव्हतं. मग तिथे जावयाचं ताट तरी कुठून येणार?

पुढचे दोन महिने नुसते आकड्यांत गेले. शेवटी वर्ष ३८५ दिवसांचं ठरलं आणि चंद्राची फेरी साडेएकतीस दिवसांची, म्हणजे एक महिना ३१ चा, पुढचा ३२ चा. बारा फेऱ्यांचे ३७८ होतात, सात दिवस उरतात. साडेचार वर्षांत त्यांचा एक अख्खा महिना होतो. नऊ वर्षांत दोन जादा महिने धरले की ११० महिने आणि ३४६५ दिवस तंतोतंत जुळतात. हे जुळलं त्या रात्री मला झोप आली नाही.

पण जादा महिना कधी धरायचा, हे ओलवणच्या लोकांना कळणार कसं? आपल्याकडे नियम आहे, ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत, म्हणजे नव्या राशीत प्रवेश, पडत नाही तो अधिक. माझ्या लोकांकडे राशी नाहीत. म्हणून मी गच्चीवर एक सळई उभी केली आणि भर दुपारी सावलीच्या टोकाला खडूने खूण करू लागले. डिसेंबरात ती उत्तरेला लांब पडायची. मग आखडत आखडत मे अखेरीस एके दिवशी सळईच्या बुडाशी नाहीशी झाली, आणि जूनमध्ये दक्षिणेला डोकावली! खानदेश कर्कवृत्ताच्या खाली असल्याने असं होतं, हे शाळेत वाचलं होतं; पायाशी पाहिलं ते तेव्हाच. खुणा दोन्ही टोकांना दाट आणि मधे विरळ होत्या.

त्यातूनच ओलवणच्या देवळाची फरशी सुचली. तिच्यावर सात रेघा. सावली एका टोकापासून दुसऱ्या टोकाला जाऊन परत येते, वर्षातून बारा वेळा रेघेला शिवते. ज्या महिन्यात ती एकाही रेघेला शिवत नाही, तो मुका महिना. त्याला नाव नाही.

एवढ्यावर थांबले असते, पण चाळीसगावजवळच्या पाटणदेवीला जाणं झालं. तिथल्या पाटणे गावात भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. त्याचा इ.स. १२०७ चा शिलालेख आहे. घरी येऊन भास्कराचार्यांचं अधिक-क्षय मासांवरचं लिखाण काढलं. शके १०७२ (इ.स. ११५०) मध्ये लिहिताना ते सांगतात, क्षयमास, म्हणजे गळणारा महिना, शके ९७४ मध्ये होऊन गेला, आता १११५, १२५६ आणि १३७८ मध्ये येईल. स्वतःच्या मरणानंतरच्या महिन्यांचा हिशोब मांडून ठेवलेला! महिना गळतो कारण सूर्याची चाल सारखी नसते, थंडीत ती जलद होते. माझा सूर्य मात्र एकाच चालीने चालत होता. मग दोन रेघांमधलं अंतर बदललं: थंडीत तीनदा ३१ दिवस, एरवी पाचदा ३२ आणि चारदा ३३. बेरीज तीच, ३८५. आता एखाद्या ३२ दिवसांच्या महिन्यात सावली दोन रेघांना शिवू शकते आणि एक नाव गिळलं जातं.

या तक्त्यावर जुनी प्रकरणं ताडून पाहिली तेव्हा एक चूक सापडली. रेवणीच्या बहिणीचं लग्न पौर्णिमेला आणि त्यानंतर चाळीस दिवसांनी रेवणी संध्याकाळी टिपूर चांदण्यात नदी ओलांडते, असं मी लिहिलं होतं. त्या रात्री चंद्र मध्यरात्र उलटल्यावर उगवतो. पाच पानं फाडली. आता ती काळोखात, नुसत्या पाण्याच्या आवाजावर नदी उतरते. पलीकडे पोचून ओला पदर पिळते, तेव्हा कुठे अर्धा चंद्र वर येतो.

रेवणीचा जन्म मी मुक्या महिन्यातला ठेवला आहे. आपल्याकडे अधिकातलं मूल असेल तर एरवी त्याच नावाच्या महिन्यात वाढदिवस करतात. मुक्या महिन्याला नावच नाही, म्हणून तिचं औक्षण चार-पाच वर्षांतून एकदा होतं. मायला हे मुळीच पटलेलं नाही. पोरीला दरसाल ओवाळलंच पाहिजे, असं ती म्हणते. त्यामुळे बारावं प्रकरण अजून अडलेलं आहे.