स्थपतीची 39 मिनिटं : मनोऱ्याच्या मॉडेलची नोंद

आमच्या कॅम्पेनमधल्या, म्हणजे फासे टाकत मिळून खेळायच्या लांबलचक गोष्टीतल्या, स्थपतीचं चरित्र बरेच दिवस अडून राहिलं होतं. वेळ मागेपुढे करणारा माणूस कागदावर उतरवणं सोपं, पण खेळायला बसलं की तो काहीही करू शकतो आणि मग कशालाच किंमत उरत नाही. फासा वाईट पडला की वेळ मागे घ्यायची! दोन सेशनमध्येच सगळे कंटाळले. त्याला मर्यादा हवी होती, आणि ती त्याच्या कामातूनच यायला हवी होती.

ती मुंबईच्या घड्याळात सापडली. 1 जानेवारी 1906 ला भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईची स्वतःची वेळ ग्रीनिचच्या 4 तास 51 मिनिटं पुढे होती, प्रमाणवेळ साडेपाच तास पुढे. म्हणजे घड्याळाचे काटे 39 मिनिटं पुढे ढकलायचे. त्याच महिन्यात गिरणी कामगारांनी याविरुद्ध काम बंद पाडलं. भोंगा तोच, पण उठायचं मात्र 39 मिनिटं आधी. शहरात मुंबई टाइम पुढे चाळीसहून अधिक वर्षं टिकून राहिला.

तर आमचा स्थपती वेळ निर्माण करत नाही. त्याच्या हातात फक्त ही 39 मिनिटं आहेत, आणि ती कुणाच्या तरी झोपेतून आलेली आहेत. राजाबाई टॉवरचा आराखडा जॉर्ज गिल्बर्ट स्कॉटने मुंबईत पाऊल न ठेवता केला. 1869 ते 1878 या काळात तो उभा राहिला. त्या बांधकामावरचा एक तरुण मदतनीस म्हणजे आमचा माणूस. नाव अजून सुचलेलं नाही. पुढे तो स्वतःचा मनोरा बांधतो, त्याच्या दक्षिण भिंतीत बारीक भोक ठेवतो, आणि ऐन मध्यान्हीला उन्हाचा ठिपका जमिनीवरच्या रेघेला टेकला की मिनिटं त्याच्या हाती येतात.

हे खरंच चालतं का, ते पाहायला मॉडेल केलं. पुठ्ठ्यातल्या भोकाने निराशा केली. पुठ्ठ्याच्या जाडीतच ऊन अडतं. मग मोठी खिडकी कापून तिच्यावर शीतपेयाच्या डब्याचा पत्रा चिकटवला आणि त्यात 3 मिलिमीटरचं भोक पाडलं, जमिनीपासून 40 सेंटिमीटरवर. उत्तर-दक्षिण रेघ शुल्बसूत्रांतल्या (यज्ञवेदी आखण्याच्या प्राचीन ग्रंथांतल्या) रीतीने काढली: गच्चीवर शंकू, म्हणजे सावली पाहायची काठी, उभा केला, भोवती वर्तुळ आखलं, आणि सकाळी व दुपारी सावलीचं टोक वर्तुळाला जिथे टेकलं ते दोन बिंदू जोडून पूर्व-पश्चिम मिळवली. बाकी लंबाचं काम.

3 नोव्हेंबरला 12:39 ची, म्हणजे मुंबईच्या जुन्या वेळेतल्या बाराची, वाट पाहत बसले होते. ठिपका मिनिटाला जेमतेम दोन मिलिमीटर सरकतो. नजर लावली तर सरकताना दिसतो, आणि अंगावर काटा येतो. पण तो रेघेवर आला 12:22 ला! संध्याकाळभर मी रेघच चुकली म्हणून धरून बसले. रेघ बरोबर होती. पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आहे आणि आस कललेला आहे, त्यामुळे खरा सूर्य घड्याळाच्या कधी पुढे तर कधी मागे असतो. त्या फरकाला कालसमीकरण म्हणतात, आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो सोळा मिनिटांवर जातो. फेब्रुवारीच्या मध्यात उलट, तेव्हा मुंबईचा मध्यान्ह 12:53 च्या आसपास येतो.

यामुळे स्थपती एकदम जिवंत झाला. आता त्याची पुंजी म्हणजे घड्याळातल्या बारापासून खऱ्या मध्यान्हापर्यंतची मिनिटं: नोव्हेंबरात 22, फेब्रुवारीत 53. आणि मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत शून्य, कारण दोन शून्य सावली दिवसांच्या मधल्या काळात दुपारचा सूर्य मुंबईच्या माथ्यावरून उत्तरेला गेलेला असतो आणि दक्षिणेच्या भोकातून काहीच येत नाही. त्याचा मृत्यू मी जूनमध्ये लिहिला आहे.

सेशनमध्ये एकाने विचारलं, मग उत्तरेच्या भिंतीत भोक का नाही पाडलं? करून पाहिलं. जूनअखेरीस सूर्य माथ्यापासून फक्त साडेचार अंश उत्तरेला असतो, इतक्या वरून येणाऱ्या उन्हाला उभ्या पत्र्यातलं भोक मिटल्यासारखंच आहे. भोक आडव्या छज्जात हवं. पण छज्जा भिंतीच्या बाहेर असतो, म्हणजे ठिपकाही मनोऱ्याबाहेर पडणार, भिंतीपासून तीन सेंटिमीटरवर, रस्त्यावर, येणाऱ्याजाणाऱ्या सगळ्यांना दिसेल असा. हा छज्जा त्याची शिष्या बांधते, त्याच्या मृत्यूनंतर. पुढचं सेशन तिथून सुरू करतेय. छज्जाचा पत्रा आज कापून झाला.