तिसऱ्या भेटीचा चार्ट

नागपुरात परसोडीच्या आयटी पार्कमधल्या एका कंपनीत मी अमेरिकेतल्या दवाखान्यांचे चार्ट, म्हणजे रुग्णांच्या नोंदी, कोड करते. डॉक्टरांनी लिहिलेलं निदान वाचायचं आणि त्याला आयसीडी-१०-सीएम या आजारांच्या अमेरिकन कोड-यादीतला कोड द्यायचा. त्यावर तिकडची विमा कंपनी बिल चुकतं करते. आमच्या फ्लोअरवर मोबाइल चालत नाही, कागद-पेनही नाही. त्यामुळे हे सगळं आठवणीतून लिहितेय, आणि रुग्ण ओळखू येईल असं काही त्यात ठेवलेलं नाही.

जुलै महिना होता. सकाळपासून मोतीबिंदू, काचबिंदू, मधुमेहानं बिघडलेले डोळ्यांचे पडदे असे नेहमीचे चार्ट चालले होते. मग एका लहान मुलाचा आला. निदानाच्या जागी एकच ओळ: डाव्या डोळ्याचा जुनाट कंजंक्टिव्हायटिस, म्हणजे डोळे येणं. कोड एच१०.४०२, अर्ध्या मिनिटाचं काम. पण ही त्याची तिसरी भेट होती, म्हणून मी वर जाऊन तपासणी वाचली. पापणी उलटवल्यावर आतल्या बाजूला रुतलेले बारीक केस. कॉर्नियावर, म्हणजे डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक भागावर, उभे ओरखडे. डोळ्याच्या पांढऱ्या भागावर छोट्या गाठी. काही केस चिमट्यानं काढले, असंही लिहिलं होतं. आणि पहिल्या भेटीच्या नोंदीत एक वाक्य: झाडाखाली खेळत असताना तोंडावर सुरवंट पडला.

माझ्या अंगावर काटाच आला.

काटोलकडे आमच्या घरी अंगणात शेवगा आहे. पहिल्या पावसानंतर त्याच्या बुंध्यावर केसाळ सुरवंटांचे थरच्या थर बसतात. बाबा मशाल लावून ते जाळायचे. मी सातवीत होते तेव्हा त्यातला एक धाकट्या भावाच्या डोळ्यावर पडला. आईनं घाईघाईनं पदरानं पुसला. त्या पुसण्यानंच केस आत गेले, हे मला फार उशिरा कळलं. सुरवंटाच्या केसाला बारीक काटे असतात. ते असे बसलेले असतात की केस पुढे सरकतो, मागे येत नाही. प्रत्येक चोळण्यानं, पापणीच्या प्रत्येक हालचालीनं तो आणखी आत जातो. तालुक्याला एका डॉक्टरांनी महिनाभर डोळे आल्याचे थेंब दिले. शेवटी नागपुरात एकांनी पापणी उलटवून यंत्राखाली पाहिलं, तेव्हा केस दिसले. कागदावर मात्र फक्त ‘डाव्या डोळ्यात कचरा’ असंच लिहून दिलं.

या आजाराला नाव आहे: ऑफ्थाल्मिया नोडोसा. १९०४ साली सेमिश या जर्मन नेत्रतज्ज्ञांनी ते दिलं. १९८४ मध्ये कॅडेरा आणि सहकाऱ्यांनी त्याचे पाच प्रकार मांडले: पहिल्या दिवसाच्या सुजेपासून ते केस डोळ्याच्या आत, काचद्रवापर्यंत (डोळ्यातल्या जेलीसारख्या भागापर्यंत) आणि पडद्यापर्यंत पोचण्यापर्यंत. म्हणजे वरवर दिसणारे केस काढले म्हणून प्रकरण मिटत नाही. पुढे बरेच दिवस लक्ष ठेवावं लागतं. ‘जुनाट कंजंक्टिव्हायटिस’ एवढंच वाचणारा पुढचा डॉक्टर डोळ्याच्या आत कशाला शोधेल?

मला आजार दिसत होता, त्याचा कोड पाठ होता, तरी तो देता येत नव्हता. आमच्या कामातला हा पहिला नियम, आणि तो बरोबरच आहे: निदान डॉक्टरांचं असतं. नोंदीवरून अंदाज बांधून आपण कोड लावायचा नाही. मी लीड मॅडमकडे गेले. त्यांनी चार्ट पूर्ण वाचला आणि म्हणाल्या, “क्वेरी टाक. पण आजाराचं नाव डॉक्टरांच्या तोंडी घालू नकोस.” क्वेरी म्हणजे डॉक्टरांना लेखी विचारणा.

त्या दिवसाचं टार्गेट मागे पडलं. चार ओळींच्या क्वेरीला मी पाऊण तास घेतला. तपासणीतल्या गोष्टी जशाच्या तशा मांडल्या, सुरवंटाचं वाक्य तारखेसकट दिलं आणि विचारलं: या निष्कर्षांचं कारण आणि नेमकं निदान आपण नोंदवू शकाल का? बिलाचा एक शब्द नाही. क्वेरीत तो येऊच नये.

दोन दिवसांनी डॉक्टरांची पुरवणी नोंद आली. सुरवंटाच्या केसांमुळे ऑफ्थाल्मिया नोडोसा, डावा डोळा. बाहुली मोठी करून डोळ्याच्या आतली तपासणी पुढच्या भेटीत करायची, असंही त्यांनी खाली लिहिलं होतं. ती शेवटची ओळ मी तीनदा वाचली.

कोड झाला एच१६.२४२. कंजंक्टिव्हायटिसचा कोड काढून टाकला, कारण एच१० या कंजंक्टिव्हायटिसच्या गटाखाली एच१६.२ साठी, म्हणजे नोडोसा ज्यात येतो त्या गटासाठी, ‘एक्सक्लूड्स-१’ ही मनाई आहे. दोन्ही एकत्र चालत नाहीत. सोबत कंजंक्टायव्हात, म्हणजे पापणीच्या आतल्या आणि डोळ्याच्या पांढऱ्या भागावरच्या पातळ पापुद्र्यात, अडकलेल्या वस्तूचा टी१५.१२एक्सए. तिसरी भेट असून शेवटी ‘ए’ कसा, असं शेजारच्या मुलीनं विचारलं. इथं पुष्कळजण चुकतात. ‘ए’ म्हणजे पहिली भेट नाही. प्रत्यक्ष उपचार सुरू असेपर्यंत ‘ए’च. आणि सुरवंटाच्या विषाचा टी६३.४३ मी लावला नाही, कारण विषबाधा झाली असं डॉक्टरांनी कुठंच म्हटलं नव्हतं.

सुट्टी झाल्यावर गाडी काढण्याआधी भावाला फोन लावला. चार्टबद्दल काही बोलले नाही, फक्त विचारलं, डोळ्याच्या आतून तपासणी शेवटची कधी झाली होती?

“कोणता डोळा?” तो म्हणाला. मग जरा थांबून, “अवं, ते तर कधीच नाही झाली. काहून?”

शनिवारी त्याला नागपुरात बोलावलं. येताना तो जुना कागद सोबत आण म्हटलं.