पाय मोड की त्याचा

भाची यंदा पहिलीत गेली, इंग्लिश मीडियमला, आणि बहिणीचं दुकान असतंय म्हणून संध्याकाळी पोरगी आमच्याकडं बेळगावात शहापूरला, त्यामुळं अभ्यास माझ्याच गळ्यात. मी मराठी शाळेतली, आम्हाला ए फॉर ॲपल पाठ करायचं आणि स्पेलिंग घोकायचं एवढंच ठाऊक. हिला मात्र फोनिक्स. म्हणजे अक्षराचं नाव नाही, आवाज शिकवायचा. एस म्हणजे 'एस' नव्हं, 'स्'. अक्षरं 26 खरं आवाज 44 च्या आसपास (आमच्यात 'खरं' म्हणजे 'पण', बाहेरच्यांनी गोंधळू नका).

पहिले पंधरा दिवस मी चुकीचंच शिकवलं. 'ब' म्हण, 'ॲ' म्हण, 'ट' म्हण, आता पटापट जोड. ती म्हणायची 'बॲट', शेवटचा ट चांगला लांबवून. मी खेकसायची. एकदा आई आत भाकरी थापत होती, तिथनंच ओरडली, "अगं पाय मोड की त्याचा!"

पाय मोडका ब्, पाय मोडका ट्. मग बॅट. पोरगीचं काय चुकलं होतं? 'ब'मध्ये अ, 'ट'मध्ये अ, मी दिलं तेच तिनं इमानदारीनं जोडलं. बाराखडीत वाढलेल्या आपल्याला अ शिवाय अक्षर तोंडातनं निघतच नाही. त्यातनं ब्, ट्, ड् हे आवाज ओढता येत नाहीत, म्हणताना मागं अ चिकटतोच, मग आता मी स्, म्, न् नं सुरू होणारे शब्द आधी घेते. स्स्स्सॅट, म्म्म्मॅन, ओढत ओढत न्यायचं, पोरं हसतात खरं जुळतंय पटकन.

शेजारचा पोरगा पण येऊन बसतोय, घरात कन्नड बोलणारा. त्यानं माझीच विकेट काढली. लिहायचं ते पेन आणि दुखतं ते पेन, मी दोन्ही एकसारखंच म्हणत होते. त्याला फरक लगेच कळला, कारण कन्नडात ऱ्हस्व ए वेगळा, दीर्घ ए वेगळा, अक्षरंच दोन आहेत. आपल्या मराठीत एकच ए. उलट बॅटला तो 'ब्याट' म्हणतो, तिथं आमची भाची मास्तरीण होते आणि फार भाव खाते.

फोनिक्समध्ये बऱ्याच ठिकाणी सुरुवात एबीसीडीनं करत नाहीत, एस, ए, टी, पी, आय, एन ही सहा अक्षरं आधी घेतात, कारण एवढ्यातनंच सॅट, पिन, टिन, नॅप, टॅप असे ढीगभर शब्द होतात. मला आधी हे उगाच फॅड वाटलेलं.

मागच्या महिन्यात लग्नाला कोल्हापूरला निघालो होतो. संकेश्वर मागं पडलं आणि ही खिडकीला नाक लावून पुटपुटायला लागली. "काय वाचालीस गं?" तर हायवेची पाटी. एन, आय, पी, ए, एन, आय. (कुठं पी एक असतो, कुठं दोन.) सगळी त्या सहातलीच अक्षरं की!

"न्... नि... निपॅनी!"

मागनं आई, "पॅनी कुठलं गं, पाणी! निपाणी!"

"मग ए चा आवाज ॲ नाही?"

मी म्हटलं तवंदीचा घाट लागलाय, पुढं बघ.